बॅकस्ट्रीट बॉईजचा एकच अल्बम ऐकवायचा, तर कुठला?

कॅसेटवाली, कोथरूड:
लेक नववीत आहे, दिवसरात्र बीटीएस, तो कोरियन बँड. परवा तिनंच विचारलं, "आई, तुझ्या त्या अमेरिकन बँडचा, बॅकस्ट्रीट बॉईजचा, सगळ्यात भारी अल्बम कुठला? सुटी गाणी नकोत, अख्खा ऐकू." शनिवारी वाईला आईबाबांकडे निघतोय. गाडीतला पाऊण तास तिने मला दिलाय!

'मिलेनियम' (१९९९) की 'ब्लॅक अँड ब्लू' (२०००), यातच अडकलेय. पहिल्याची कॅसेट दहावीच्या निकालाला बाबांनी लक्ष्मी रोडवरून आणून दिली होती. दुसरा म्हणजे माझं बारावीचं वर्ष, पहाटे अभ्यासाला उठून टेप अगदी हळू लावायचे. त्यामुळे माझं मत निखळ नाही. तुम्ही सांगा.

पेठकर:
मिलेनियम. अमेरिकेत पहिल्याच आठवड्यात ११ लाखांवर प्रती खपल्या होत्या, पण ते सोडा. 'आय वाँट इट दॅट वे' ऐका. मॅक्स मार्टिन आणि आंद्रेआस कार्लसन या दोघा स्वीडिश मंडळींनी लिहिलेलं. शब्दांचा नीट अर्थ लागत नाही. अर्थ लागेल असे शब्द घालूनही त्यांनी ते रेकॉर्ड केलं होतं, पण ठेवलं मूळचंच. बरोबर केलं. शेवटी पट्टी चढते आणि पाचही जण एकत्र येतात, तिथे अंगावर काटा येतो. लेकीला तेवढी जागा नक्की दाखवा.

सिंहगडरोडकर:
माझं मत ब्लॅक अँड ब्लूला. 'शेप ऑफ माय हार्ट'मध्ये आवाज जास्त पिकलेले वाटतात. नाचायचंच असेल तर १९९७ चा 'बॅकस्ट्रीट्स बॅक', पण गाडीत कुठे नाचणार!

कॅसेटवाली, कोथरूड:
दोघांचेही आभार. काल रात्री दोन्ही पुन्हा ऐकले. ब्लॅक अँड ब्लूमधली चार-पाच गाणी मला आजही जिवापाड आवडतात, पण मधली काही नुसतीच निघून जातात. मिलेनियममध्ये तसं होत नाही.

आणि शेवटचं 'द परफेक्ट फॅन'. बँडमधल्या ब्रायनने त्याच्या आईसाठी लिहिलेलं. तेव्हा ते आलं की मी कॅसेट सरळ पुढे पळवायचे, पंधराव्या वर्षी आईवरचं गाणं नकोसं वाटायचं. काल ते दोनदा ऐकलं आणि लगेच आईला फोन केला.

तर मिलेनियम. खेड-शिवापूरचा टोल मागे पडला की लावते, खंबाटकी घाट उतरेपर्यंत संपेल.