लहान होडीवाल्याचा दिवस कधी सुरू होतो?

प्रश्न: मासेमार रोज पहाटेच निघतात का?

उत्तर: नाही हो. आमची वेळ भरती-ओहोटी ठरवते, आणि ती रोज साधारण 50 मिनिटं पुढे सरकते. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला पाण्याला ओढ फार. अष्टमीच्या सुमारास भांग, म्हणजे भरती-ओहोटीतला फरक कमी, तेव्हा पाणी मंद. कुठलं जाळं टाकायचं तेही त्यावरच.

प्रश्न: परतल्यावर आराम मिळत असेल ना?

उत्तर: कुठला आराम! जाळ्यात अडकलेला खेकडा सोडवताना घाई केली की आस, म्हणजे जाळ्याच्या विणीतली घरं, तुटलेच. एकेक नांगी हळूच मोकळी करावी लागते. मग धुणं, वाळवणं, फाटलेलं विणणं. मला हे विणकाम फार आवडतं.

आणखी एक: वारा फिरला तर?

उत्तर: जाळं आवरून लगेच परत. होडीचं तोंड लाटेकडे ठेवायचं; आडवी लाट होडी उलटवते.