आभासी राउटरवर शिकलेला अभियंता कच्चाच राहतो का?

धागाकर्ता
लॅपटॉपवर इमेज (राउटरच्या सॉफ्टवेअरची फाइल) चालवून शिकलेली मुले कामाची नसतात, त्यांनी मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून जुने राउटर आणावेत, असे एका ज्येष्ठांनी काल लिहिले. ते वाचून गप्प बसवले नाही. मी जीएनएस३ या आभासी नेटवर्क उभारण्याच्या सॉफ्टवेअरमध्ये, डायनामिप्स या राउटरची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅमवर, सिस्को कंपनीच्या ७२०० राउटरची इमेज चालवत शिकलो. राउटर रिकामा असताना प्रोसेसरला विसावा देणारे आयडल-पीसीचे मूल्य चुकले की एकटा राउटर प्रोसेसरचा अख्खा कोर खाऊन टाकी. ते जमले की त्याच लॅपटॉपवर सहा राउटर मुकाट्याने चालत. दोन टोकांचे एमटीयू (एका पॅकेटचा कमाल आकार) मुद्दाम वेगळे ठेवून ओएसपीएफ, म्हणजे राउटरांनी एकमेकांना मार्ग कळवण्याचा प्रोटोकॉल, एक्सस्टार्ट या सुरुवातीच्या टप्प्यात कसा अडकतो, हे मी तिथेच पाहिले. सहा खरे राउटर कोणत्या विद्यार्थ्याला परवडतात?

प्रतिसाद १
ते लिहिणारा मीच. एमटीयूचे मान्य, पण केबल उपटल्यावर काय होते? ईव्ह-एनजी या तशाच दुसऱ्या सॉफ्टवेअरमध्ये एका टोकाचा इंटरफेस बंद केला तरी समोरच्या क्यूईएमयूवर (आभासी यंत्र चालवणारा प्रोग्रॅम) चाललेल्या राउटरला तो बहुधा चालूच दिसतो, त्यामुळे ४० सेकंदांचा डेड टायमर (शेजारी गप्प झाल्यावर वाट पाहण्याची मुदत) संपेपर्यंत ओएसपीएफला पत्ताच लागत नाही. फायबर तुटल्यावर एवढे थांबावेच लागते, असे माझ्या हाताखालचा एक मुलगा ग्राहकाला ठामपणे सांगून आला होता. खऱ्या राउटरवर लिंक पडताच शेजारच्या राउटरशी ओएसपीएफचा संबंध तुटतो, हे त्याने कधी पाहिलेच नव्हते.

प्रतिसाद २
त्याआधी या इमेज येतात कुठून, ते बोला. मी भरपूर फी भरून ज्या क्लासला गेलो, तिथे पहिल्याच दिवशी चोरीच्या इमेजचा पेनड्राइव्ह हातात ठेवला. एक इमेज सुरूच होईना, तेव्हा विचारायचे कोणाला? असा माल वाटणारे क्लास बंद झाले पाहिजेत.

प्रतिसाद ३
चोरी कशाला हवी? एफआरआर हे राउटिंगचे सॉफ्टवेअर मुक्त आहे आणि त्याचे व्हीटीवायएसएच, म्हणजे आज्ञा टाइप करायची खिडकी, सिस्कोच्या वळणाचेच आहे. नोकियाच्या एसआर लिनक्स या राउटर-प्रणालीचा कंटेनर (लगेच चालवता येणारे सॉफ्टवेअरचे पॅकेज) नोंदणीशिवाय मिळतो. सिस्कोच्याच सीएमएल या आभासी प्रयोगशाळेची पाच नोडची (पाच उपकरणांपुरती) आवृत्ती फुकट आहे.

धागाकर्ता
पाच नोडमध्ये बीजीपीचे (इंटरनेटवरील नेटवर्कांनी एकमेकांना मार्ग कळवण्याचा प्रोटोकॉल) दोन राउट रिफ्लेक्टर (मार्गांची माहिती इतरांना पुढे पाठवणारे राउटर), त्यांचे क्लायंट आणि बाहेरचे दोन एएस (स्वतंत्र नेटवर्क) बसवून दाखवा. मुलाखतीत सिस्कोच्या राउटरची आयओएस प्रणालीच विचारतात, एफआरआर कोणी विचारत नाही. ज्याची ऐपत नाही त्याला चोर म्हणणे मला सहन होत नाही.

प्रतिसाद २
मी विद्यार्थ्याला चोर म्हटलेले नाही, पुन्हा वाचा! फी घेऊन चोरीचा माल वाटणाऱ्याला म्हटले आहे. ऐपतीची ढाल त्याच्यासाठी पुढे करू नका.

धागाकर्ता
क्लासबद्दलचे तुमचे म्हणणे मान्य करावेच लागेल. विद्यार्थ्याबद्दल मात्र मी मागे हटणार नाही.

प्रतिसाद १
या वादात माझा मुद्दा मागे पडला. बीजीपीची धोरणे लॅपटॉपवर माझ्या जुन्या रॅकपेक्षा बरी शिकता येतात, एवढे मी नाइलाजाने कबूल करतो. पण कामावर ठेवण्याआधी मी प्रत्येकाला दोन खरे राउटर आणि एक उलट जोडलेली फायबरची जोडी देणार, आणि लिंक का येत नाही ते विचारणार.