वैयक्तिक मान्यता रद्द करण्याची नोटीस : नेमणूक अनियमित की बेकायदेशीर?

प्रश्न

मी महाराष्ट्रातील एका खासगी अनुदानित शाळेत सहावी ते आठवीच्या वर्गांना विज्ञान शिकवते. शिक्षक पात्रता परीक्षा उत्तीर्ण झाल्यानंतर जून २०१४ मध्ये माझी शिक्षणसेवक म्हणून नेमणूक झाली आणि तीन वर्षांनी सेवा नियमित झाली. आता माझी वैयक्तिक मान्यता (नेमणुकीला शिक्षणाधिकाऱ्यांनी दिलेली मंजुरी) रद्द का करू नये, अशी सुनावणीची नोटीस आली असून तीत दोन आक्षेप आहेत. २ मे २०१२ च्या शासन निर्णयाने पदभरतीवर बंदी असताना संस्थेने परवानगी न घेता जाहिरात दिली, हा पहिला. दुसरा असा की, माझ्या मान्यतापत्रावर जो जावक क्रमांक (कार्यालयातून बाहेर जाणाऱ्या पत्राचा नोंदक्रमांक) आहे, त्या क्रमांकापुढे कार्यालयाच्या नोंदवहीत दुसऱ्याच एका शाळेचे वेतनेतर अनुदानाचे पत्र नोंदलेले आहे. माझे मान्यतापत्र मी संस्थेच्या लिपिकाकडून घेतले होते. त्यावरचा क्रमांक तपासून पाहावा, हे तेव्हा कोणाच्या मनात येणार? माझी नोकरी जाऊ शकते का, आजवरचा पगार परत मागितला जाईल का, आणि दाद शाळा न्यायाधिकरणाकडे मागायची की उच्च न्यायालयात?

उत्तर १ (सेवाविषयक प्रकरणे चालवणारा वकील)

दोन्ही आक्षेप एकाच नोटिशीत आले असले तरी त्यांचे वजन सारखे नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाचा १० एप्रिल २००६ चा उमादेवी निकाल हंगामी कर्मचाऱ्यांना कायम करण्याविषयीचा होता. पण मंजूर पदावर पात्र उमेदवाराची, प्रक्रियेत काही त्रुटी राहून झालेली (अनियमित) नेमणूक आणि समान संधीचे तत्त्वच धाब्यावर बसवून झालेली (बेकायदेशीर) नेमणूक यांत त्याने केलेला भेद अशा प्रकरणांत हमखास पुढे येतो. तुमचा पहिला आक्षेप त्रुटीच्या बाजूला ओढता येईल, मात्र त्यासाठी पद संचमान्यतेत (शाळेला मंजूर पदांच्या यादीत) मंजूर होते, बिंदुनामावलीनुसार (आरक्षणाच्या क्रमवारीनुसार) ते तुमच्या प्रवर्गाला खुले होते, जाहिरात खरोखर छापून आली आणि मुलाखतीला इतरही उमेदवार होते, हे कागदांनी दाखवावे लागेल. शिवाय, एकदा दिलेल्या मान्यतेचा शिक्षणाधिकाऱ्यांना मनाला येईल तेव्हा फेरविचार करता येत नाही. फसवणूक किंवा खोटी माहिती हाच त्याला अपवाद, असा मुद्दा मुंबई उच्च न्यायालयात अनेकदा मान्य झाला आहे. साहजिकच सगळी लढाई दुसऱ्या आक्षेपावर येऊन ठेपते.

दाद कुठे मागायची, यात बरेच जण चुकतात. संस्थेने सेवेतून काढले, तर १९७७ च्या खासगी शाळा कर्मचारी अधिनियमातील कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते आणि त्याची मुदत ३० दिवसांची आहे. मान्यता रद्द करणारा आदेश मात्र शिक्षणाधिकाऱ्यांचा असतो, म्हणून त्याविरुद्ध उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते. दोन्ही एकामागोमाग घडले, तर रिट प्रलंबित आहे म्हणून अपिलाची मुदत हातची घालवू नका.

उत्तर २ (शिक्षण कार्यालयातून निवृत्त)

जावक क्रमांक जुळत नाही एवढ्यावरून पत्र बनावट ठरत नाही. घाईच्या दिवसांत एकाच क्रमांकावर दोन पत्रे गेलेली मी पाहिली आहेत, आणि क्रमांक आधी अडवून ठेवून मागाहून पत्र घुसवल्याचेही पाहिले आहे. खरा माग आवक बाजूला, म्हणजे कार्यालयात आलेल्या कागदांच्या नोंदीत असतो. संस्थेने तुमच्या मान्यतेचा प्रस्ताव सादर केला त्या दिवसाची आवक नोंद, त्यावरची कार्यालयीन टिपणी आणि टिपणीवरील अधिकाऱ्याची सही, एवढे माहितीच्या अधिकारात आजच मागा. टिपणी सापडली, तर पत्र कार्यालयातूनच निघाले हे दाखवणे सोपे जाते. संस्थेच्या फाईलची प्रत तेवढी उपयोगी नाही, कारण आता संस्थेवरच संशय आहे.

उत्तर ३

पगाराबद्दल पश्चिम बंगालचे उदाहरण पाहा. २०१६ च्या निवड प्रक्रियेतील २५,७५३ शिक्षक व शिक्षकेतर नेमणुका रद्द करण्याचा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने ३ एप्रिल २०२५ रोजी कायम केला, कारण एकूण प्रक्रियाच दूषित झाल्याचे मानले गेले; त्यात निर्दोषांच्याही नोकऱ्या गेल्या. मात्र पगार परत करण्याचा आदेश गैरप्रकाराने नेमलेल्यांपुरता राहिला. म्हणून सुनावणीत संस्थेच्या सामायिक उत्तरावर सही करू नका, स्वतःचे स्वतंत्र लेखी म्हणणे द्या आणि त्याची पोच घ्या. संस्थेचा आणि तुमचा हितसंबंध आता एक राहिलेला नाही, हे कटू असले तरी लक्षात असू द्या.

प्रश्नकर्ती

सर्वांचे आभार. संस्थेने मला सामायिक उत्तराचा मसुदा कालच पाठवला होता. तो सहीविना परत केला आहे. घरच्या फाईलमध्ये प्रस्तावाच्या पहिल्या पानाची छायाप्रत सापडली. तीवर आवक शाखेचा गोल शिक्का आणि तारीख स्पष्ट दिसते, क्रमांक मात्र घडीवर आल्याने पुसट झाला आहे. माहिती अधिकाराच्या अर्जात त्या तारखेच्या आवक नोंदवहीचे पूर्ण पान मागितले आहे आणि ते मिळेपर्यंत सुनावणी पुढे ढकलावी, असे पत्र आज देत आहे.