शब्दचर्चा: सुईण, दाई की प्रसाविका?

कुटुंब आणि श्रद्धा या विषयावरच्या एका चर्चेत परवा एक बाई "मी सुईण आहे" म्हणाल्या तर निवेदकाने लगेच "म्हणजे प्रसाविका" अशी दुरुस्ती केली. सुईण शब्दात कमीपणा आहे का? आणि अशा चर्चेत तिने मत द्यायचं की नुसतं पाहिलेलं सांगायचं?

— कमीपणा शब्दात नाही हो, ऐकणाऱ्याच्या कानात आहे. सुईण हे सरळ कामाचं नाव, सूतिका म्हणजे बाळंतीण या संस्कृत शब्दाशी नातं असलेलं. दाई जरा सैल, बाळंतपण करणारी पण दाई आणि दुसऱ्याचं मूल दूध पाजून वाढवणारी पण दाई. प्रसाविका फॉर्मवर ठीक, पण कळा सुरू झाल्यावर "प्रसाविकेला बोलवा" असं कोण ओरडणार :)

— सुईणीला इंग्रजीत मिडवाइफ म्हणतात, त्यातली वाइफ पण बायको नाही बरं का, जुन्या इंग्रजीत त्याचा अर्थ नुसता बाई आणि मिड म्हणजे सोबत. फ्रेंचमध्ये तर तिला शहाणी बाईच म्हणतात.

— मत की साक्ष? पूर्वी साक्षच. इंग्लंडमध्ये १६व्या-१७व्या शतकात बिशप सुइणींना परवाना द्यायचे, शपथ घ्यायला लावायचे, आणि लग्न न झालेल्या बाईला ऐन कळांमध्ये बापाचं नाव विचारायचं काम पण तिच्याच गळ्यात. १६८८ मध्ये दुसऱ्या जेम्स राजाचा मुलगा खरा नाही, अंथरूण गरम करायच्या भांड्यातून आत आणलाय अशी अफवा उठली तेव्हा राजाने ज्यांच्या साक्षी घेतल्या त्यात सुईणही होती. म्हणजे शब्द तिचा, निकाल दुसऱ्यांचा.

— असं सरसकट नको. बायबलमधल्या शिफ्रा आणि पुआ या सुइणी आठवा, इब्री म्हणजे ज्यूंचे मुलगे जन्मताच मारा हा फारोचा, म्हणजे इजिप्तच्या राजाचा हुकूम त्यांनी पाळला नाही, देवाला भ्यायल्या म्हणून. श्रद्धेवरचं याहून स्पष्ट मत काय असतं?

— ग्रीक तत्त्वज्ञ सॉक्रेटिसची आई पण सुईण होती आणि तो स्वतःचं कामही तेच म्हणायचा, दुसऱ्याच्या पोटातला विचार बाहेर काढायचा आणि तो जिवंत आहे की पोकळ ते बघायचं, वर तो विचार आपला म्हणून सांगायचा नाही. चर्चेतली सुईण मला तरी अशीच हवी.

— पण मग त्याला मराठीत म्हणायचं काय, सुईणचं पुल्लिंग?

— नाहीच आहे. सॉक्रेटिस सुईणपण करायचा म्हणा, तो शब्द आपल्याकडे आहेच की.