एसटी आगार, दूध संस्था आणि रुग्णालय : तुलना नेमकी कशाची करायची?

शेंगदाणा_चटणी
एमबीए दुसरं वर्ष, प्रकल्पाचा विषय मंजूर झालाय : ‘विविध क्षेत्रांतील व्यवस्थापनाचा तुलनात्मक अभ्यास’. तालुक्याचं एसटी आगार, गावची प्राथमिक दूध संस्था आणि एक ट्रस्टचं रुग्णालय अशा तीन जागा डोक्यात आहेत. मार्गदर्शक म्हणतात, १०० जणांकडून प्रश्नावली भरून घ्या, काय-स्क्वेअर (दोन गोष्टींचा संबंध तपासणारी सांख्यिकी चाचणी) लावा, झालं. पण तिन्हीकडे नियोजन, संघटन, नियंत्रण असे मथळे टाकले की सगळीकडे एकच उत्तर येतं, ‘समाधानकारक’. हातात दोन महिने आहेत. तुलना कशाची करावी? मुंबईचे डबेवाले घ्यावेत का?

आडवा_छेद
‘व्यवस्थापन’ मोजता येत नाही, एखादी प्रक्रिया मोजता येते. तिन्ही जागांत सापडेल अशी एक निवडा. सगळ्यात सोपी : वाट पाहणं. रुग्ण ओपीडीत थांबतो, सभासद किटली घेऊन दुधाची फॅट यंत्रावर मोजून घ्यायला थांबतो, नादुरुस्त गाडी आगाराच्या कार्यशाळेत थांबते. तिघांना एकच हिशोब लागतो. आत असलेल्यांची सरासरी संख्या = येण्याचा वेग × आत जाणारा सरासरी वेळ. जॉन लिटल यांनी १९६१ साली सिद्ध केलेला हा नियम, आणि तो कुठल्याही क्षेत्राला बांधलेला नाही.

उदाहरणं धरा, आकडे समजण्यापुरते :

रुग्णालय : साडेआठ ते साडेबारा, चार तासांत २४० केसपेपर, म्हणजे तासाला ६०. प्रत्येकाला सरासरी दीड तास लागत असेल तर हॉलमध्ये कायम ९० माणसं. बाक किती आहेत ते मोजा. डॉक्टर वाढवण्याआधी हा आकडा दाखवला तर चर्चा जमिनीवर येते.

दूध संस्था : सकाळी दीड तासात १२० सभासद, तासाला ८०. सरासरी नऊ मिनिटं थांबावं लागत असेल तर रांगेत १२ जण. आता यंत्राला एका नमुन्यामागे पाऊण मिनिट लागत असेल, तर यंत्राची ताकदही तासाला ८० च. जेवढी आवक तेवढीच क्षमता, फुरसत शून्य. मध्ये एकदा वीज गेली की ती रांग त्या सकाळी सावरत नाही आणि टँकर किंवा कॅनची गाडी खोळंबते.

आगार : इथे उलटं वापरा. रोज सरासरी ६ गाड्या ‘ऑफ रोड’ (नादुरुस्त म्हणून उभ्या) आणि दिवसाला २ नव्या येत असतील तर एक गाडी सरासरी ३ दिवस अडकते. त्या ३ दिवसांत मेकॅनिकचा हात किती तास लागला आणि सुट्या भागाची वाट पाहण्यात किती गेले, हे वेगळं काढा. प्रकल्पाचं अर्धं काम तिथेच होईल.

नेहमी होणारी चूक : वेळ खिडकीपासून मोजणं. केसपेपरची खिडकी साडेआठला उघडते, लोक सातला येऊन बसलेले असतात. तो दीड तास कुठल्याच रजिस्टरमध्ये नसतो. फाटकाशी उभं राहून मोजा. आणि नुसती सरासरी देऊ नका, मध्यक (वेळा चढत्या क्रमाने लावल्यावर मधली येते ती) आणि सर्वांत जास्त थांबलेल्या दहा टक्क्यांची वेळही द्या. तक्रार त्या दहा टक्क्यांतूनच येते.

भारमान
वरचा प्रतिसाद पटला, पण निर्देशांक एकमेकांशेजारी ठेवताना सांभाळा. ‘क्षमतेचा वापर’ म्हणून एसटीचं भारमान (गाडीतल्या जागांपैकी किती टक्के भरल्या) आणि रुग्णालयाचा खाटा-वापर एकाच तक्त्यात घातलेले प्रकल्प दिसतात. तो तक्ता चुकीचा असतो.

गाडी भरून गेली तर आगार खूश. खाटा शंभर टक्के भरल्या तर रात्री आलेल्या अपघाताच्या रुग्णाला जागा नाही. तिथली रिकामी खाट ही राखीव ताकद आहे, नुकसान नव्हे. शिवाय छेद, म्हणजे भागाकारातला खालचा आकडा, बघा. खाटा-वापर काढताना खाली मंजूर खाटा घेतात. जमिनीवर गादी टाकून ठेवलेले रुग्ण वर मोजले जातात, खालचा आकडा तोच राहतो, म्हणून ११० टक्के वगैरे दिसतं. दूध संस्थेत तर आवक तुमच्या हातातच नाही. सभासदाचं दर्जात बसणारं दूध घ्यावंच लागतं, त्यामुळे शीतकरणाची क्षमता पुष्टकाळाच्या (दूध जास्त येतं तो हंगाम) हिशोबाने ठेवायची आणि कृशकाळात (दूध कमी येतं तेव्हा) ती अर्धी पडून राहणार. याला अकार्यक्षमता म्हणू नका.

एसटीत आणखी एक खाच. २६ ऑगस्ट २०२२ पासून ७५ वर्षांवरील ज्येष्ठांना मोफत प्रवास, १७ मार्च २०२३ पासून महिलांना निम्मं तिकीट. त्यामुळे गाडी भरलेली असते पण वाहकाच्या पेटीत रोख त्या प्रमाणात नसते, प्रतिपूर्ती शासनाकडून नंतर येते. भारमान आणि प्रति किमी उत्पन्न दोन्ही लिहा, आणि प्रतिपूर्ती धरली की नाही तेही. २०२१-२२ हे वर्ष तुलनेचा पाया म्हणून घेऊच नका, एप्रिल २०२२ पर्यंत चाललेल्या संपाने ते आकडे कामाचे राहिले नाहीत.

डबेवाल्यांबद्दल : ‘फोर्ब्स’मध्ये १९९८ साली लेख आला आणि तेव्हापासून ‘सिक्स सिग्मा’ (चुका जवळजवळ शून्य, असा दर्जाचा निकष) हा शब्द प्रत्येक प्रकल्पाला चिकटतोय. चुकलेले डबे कोण, कुठे नोंदवतं हे विचारल्याशिवाय तो आकडा लिहू नये. त्यांच्याकडून शिकायचं तर खुणांची पद्धत आणि मुकादमाच्या गटाची रचना बघा, टक्केवारी नको.

तीन_खांब
मूळ आखणीलाच माझा आक्षेप आहे. तीन क्षेत्रं, प्रत्येकाची एकेक संस्था. फरक दिसला तर तो क्षेत्रामुळे की त्या एका व्यवस्थापकामुळे? कधीच सांगता येणार नाही. त्यापेक्षा दोनच क्षेत्रं घ्या, प्रत्येकी दोन संस्था. दोन्ही दूध संस्थांत एक गोष्ट सारखी आणि दोन्ही रुग्णालयांत वेगळी, असं दिसलं तर क्षेत्राबद्दल थोडंफार बोलता येतं.

दुसरं, अधिकार कुठे आहेत ते शोधा. संस्थेचा रंगीत तक्ता भिंतीवर असतो, त्यावर जाऊ नका. आगार व्यवस्थापक भाडं ठरवत नाही, भरतीही करत नाही. दूध संस्थेचा सचिव दर ठरवत नाही, दरपत्रक दूध संघाकडून येतं. ट्रस्टच्या रुग्णालयात प्रशासक वेळा ठरवतो पण डॉक्टरवर त्याचा हुकूम चालत नाही, तिथे दोन समांतर रेषा असतात. म्हणून नेमके प्रश्न : पाच हजारांची वस्तू आज हवी असेल तर सही कोणाची? माणूस गैरहजर असेल तर बदली कोण ठरवतं, किती वाजेपर्यंत? ठरलेला नियम मोडायची परवानगी कोण देतं? हेच तीन प्रश्न वरच्या, मधल्या आणि खालच्या माणसाला वेगवेगळे विचारा. उत्तरं जुळत नाहीत तिथे तुमचा निष्कर्ष असतो. असे बारा-पंधरा जण नीट विचारलेत तर साहेबांसमोर भरलेल्या १०० प्रश्नावल्यांपेक्षा जास्त हाती लागेल. मार्गदर्शकांना काय-स्क्वेअर हवाच असेल तर थांबण्याच्या नोंदींवर लावा (तीस मिनिटांच्या आत/बाहेर, सोमवार/गुरुवार).

एका क्षेत्रातली पद्धत दुसरीकडे चालते का, यावर प्रकरण लिहायचं असेल तर मदुराईचं अरविंद नेत्र रुग्णालय वाचा. डॉ. जी. वेंकटस्वामी यांनी १९७६ मध्ये ११ खाटांवर सुरू केलं. एका सर्जनसाठी शेजारी-शेजारी दोन टेबलं, एकावर शस्त्रक्रिया चालू असताना दुसऱ्यावर पुढचा रुग्ण तयार. कारखान्यातली रीत तिथे बसली, कारण मोतीबिंदूची शस्त्रक्रिया हे बरंचसं एकसारखं काम आहे. जनरल ओपीडीत तेच करायला जाल तर फसेल, तिथे दोन रुग्णांना लागणारा वेळ दहापटीने वेगळा असू शकतो.

कोर्टफी_स्टॅम्प
माहिती कशी मिळवायची ते कोणी लिहिलं नाही.

एसटी : माहिती अधिकार लागू. अर्जाला १० रुपये, झेरॉक्सचं पान २ रुपये, मुदत ३० दिवस. महाराष्ट्राच्या नियमांत एका अर्जात एकच विषय आणि १५० शब्दांची मर्यादा आहे. ‘आगाराची सर्व माहिती द्या’ असं लिहाल तर अर्ज परत येईल. महिनावार रद्द किमी, नादुरुस्तीचं प्रमाण, प्रति किमी उत्पन्न, एवढंच मागा. हातात दोनच महिने आहेत, तेव्हा अर्ज पहिल्या आठवड्यातच टाका.

सहकारी संस्था : २०१३ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानंतर (केरळमधल्या थलप्पलम बँकेचं प्रकरण) हा कायदा त्यांना सरसकट लागू नाही. निबंधक कार्यालयाकडे असलेली माहिती मात्र तिथून मागता येते. सोपा मार्ग म्हणजे वार्षिक सभेचा छापील अहवाल. सभा ३० सप्टेंबरच्या आत घ्यायची असते, त्याआधी अहवाल सभासदांच्या घरी पोचलेला असतो. कुणाकडूनही एक प्रत घ्या, त्यात लेखापरीक्षणाचा वर्गही (लेखापरीक्षकाने दिलेली श्रेणी) असतो.

रुग्णालय : नैतिकता समितीची (रुग्णांवरच्या अभ्यासाला मंजुरी देणारी समिती) परवानगी आधी. नोंदवहीत रुग्णाचं नाव किंवा केसपेपर क्रमांक लिहायचा नाही, स्वतःचा अनुक्रमांक द्या.

शेंगदाणा_चटणी
सर्वांचे आभार. आगार सोडतोय. दोन दूध संस्था, दोन रुग्णालयं, प्रक्रिया एकच : थांबण्याचा वेळ. प्रत्येक जागी किती दिवस मोजावं?

आडवा_छेद
रुग्णालयात सोमवार, एक मधला वार आणि आठवडी बाजाराचा दिवस. दूध संस्थेत सकाळ-संध्याकाळ दोन्ही पाळ्या, आणि दहा दिवसांचं बिल वाटतात तो दिवस वेगळा धरा, त्या दिवशी रांग दुधाची कमी आणि पैशाची जास्त असते. तक्त्यात चारच रकाने : अनुक्रमांक, आल्याची वेळ, काम सुरू, काम संपलं. पहिल्या दिवसाच्या नोंदी टाकून द्यायच्या तयारीने जा, मोजणारा दिसला की सगळे चटपटीत होतात. दूध यंत्राच्या पावतीवरची वेळ आणि रुग्णालयाच्या संगणकावरची वेळ तुमच्या मोबाइलशी आधी ताडून बघा. चार-पाच मिनिटांचा फरक सर्रास असतो, आणि नऊ मिनिटांच्या रांगेत तेवढ्याने सगळा हिशोब बिघडतो.