बामियानचा स्फोट वर्गात दाखवावा का?

चित्रकलेच्या बाई:
नमस्कार. मी सातारा जिल्ह्यातल्या एका शाळेत चित्रकला शिकवते. नववीला पुढच्या आठवड्यात मूर्ती आणि मूर्तिभंजन घ्यायचं ठरवलंय, पण एका ठिकाणी अडलेय.

१९८७ साली आमच्याकडे शटरचा ब्लॅक अँड व्हाइट टीव्ही होता. रविवारी साडेनऊला रामायण लागायच्या आत आजी अंघोळ उरकून टीव्हीला झेंडूचा हार घालायची. हार पडद्यावर लोंबायचा आणि नेमकं रामाचं तोंड झाकायचा. मग मी मधली दोन फुलं शटरच्या कडेला अडकवून ठेवायचे. २००१च्या मार्चमध्ये त्याच टीव्हीवर अफगाणिस्तानातल्या बामियानचा बुद्ध तालिबानच्या स्फोटात धुरात गेलेला पाहिला. आजीनं हात जोडले आणि म्हणाली, "बंद कर गं." मी केला नाही.

ती चित्रफीत मुलांना दाखवावी का? दर वेळी ती लावली की मूर्ती पुन्हा फुटते, असं मला मनापासून वाटतं.

डोंगरवाट:
बाई, दाखवा, पण आधी उभी मूर्ती दाखवा. धुराआधी तिथं काय होतं, हे फार थोड्यांना ठाऊक असतं. मूर्ती दोन होत्या: एक सुमारे ५५ मीटर उंच, दुसरी ३८. अंग कड्यातच कोरलेलं, पण चीवराच्या, म्हणजे भिक्षूच्या वस्त्राच्या, चुण्या दोऱ्या आणि खुंट्यांच्या आधारानं, पेंढा घातलेल्या मातीच्या गिलाव्यात काढलेल्या. वरून रंग. मुलांच्या हातात सुतळी आणि चिखल द्या, एकेक चुणी करू दे. मग धूर दाखवा.

जुना वाचक:
मी दाखवू नये या मताचा. चित्रफितीत सगळं काही सेकंदांत उरकतं. प्रत्यक्षात आधी तोफा डागल्या, त्यानं भागेना तेव्हा भोकं पाडून सुरुंग भरले. कित्येक दिवस हे चाललं होतं. ती चिकाटी मुलांना कळायला हवी, आणि तीच चित्रफितीत नाही. आणखी एक: तालिबाननं त्या काळात टीव्हीवरच बंदी घातली होती. म्हणजे बामियानच्या माणसांना हे घरात बसून दिसलं नाही. पाहिलं आपण.

मळवलीकर:
जमलं तर मुलांना भाज्याची लेणी पाहायला घेऊन या. तिथल्या चैत्यगृहात, म्हणजे बौद्धांच्या प्रार्थनेच्या दालनात, बुद्धाची मूर्ती नाही, नुसता स्तूप आहे. लोक त्याच्यापुढेच हात जोडत. आमच्या मळवलीतच रवि वर्म्यांचा छापखाना होता. घरोघरच्या भिंतींवरचे देव इथून छापून गेले, आणि टीव्हीवरच्या रामाच्या मुकुटापर्यंत ते वळण पोचलं.

चित्रकलेच्या बाई:
सगळ्यांचे आभार. जुना वाचक, "पाहिलं आपण" हे वाचून थांबले. आजी बंद कर का म्हणाली, ते आज कळतंय. चित्रफीत नाही दाखवणार. रिकाम्या कोनाड्याचा फोटो लावेन, तोही चुण्या करून झाल्यावर. सुतळी आणि पिवळी माती आणून ठेवलीय. डोंगरवाट, पाटीभर मातीला पेंढा किती घालू? वाळल्यावर तडे जायला नकोत.