अकिलीसच्या टाचेला बाण लागतो कधी?

सदाशिव पेठेतली आजी: नातवाला रात्री ट्रॉयची गोष्ट सांगतेय. अप्पा बळवंत चौकातून आणलेलं 'इलियड' (होमरचं ग्रीक महाकाव्य) संपलं, त्यातला वीर अकिलीस मात्र ठणठणीत! टाचेला बाण लागतो ते ऐकायचंच म्हणून पोरगं हटून बसलंय. पानं गळलीत का हो?

उत्तर: पानं शाबूत आहेत, आजी. 'इलियड' अकिलीसने मारलेल्या ट्रॉयच्या राजपुत्राच्या, हेक्टरच्या, अंत्यविधीपाशीच थांबतं. मरताना हेक्टर अकिलीसला बजावतो, माझा भाऊ पॅरिस आणि अपोलो देव तुला ट्रॉयच्या स्किअन दरवाजापाशी मारतील. टाचेचं नावही नाही. अंग अभेद्य व्हावं म्हणून आई थेटिसने बाळ अकिलीसला पाताळातल्या स्टिक्स नदीत बुडवल्याची कथा रोमन कवी स्टेशियसकडे, इसवी सनाच्या पहिल्या शतकात.

दुसरं उत्तर: आपल्याकडेही तसंच: गांधारीच्या नजरेने दुर्योधन वज्रदेही झाला, तेही महाभारताच्या भांडारकर संस्थेच्या चिकित्सक आवृत्तीत नाहीच. कीर्तनात मात्र हमखास!

आजी: बरं. आणि लाकडी घोडा?

उत्तर: होमरच्याच 'ओडिसी'त. आठव्या सर्गात डेमोडोकस नावाचा गायक ती गोष्ट गातो.

आजी: आणते. हेक्टरचं प्रेत रथामागे ओढलं, ते मी गाळलंय. झोपला नसता.